फौजीच्या पगाराची चिठ्ठी

नौदलातल्या चीफ पेटी ऑफिसरचा मूळ पगार ३५,४०० रुपयांपासून सुरू होतो. भूदलातल्या नायब सुभेदाराचाही तिथूनच. आता यातला एक लोणावळ्याला आयएनएस शिवाजीत आहे आणि दुसरा देहूरोडच्या डेपोत. दोघांनाही सरकारी क्वार्टर मिळालेलं नाही, दोघंही कुटुंबासह भाड्यानं राहतात. मध्ये लोकलचा तासाभराचा प्रवास. पण महिन्याअखेर लोणावळ्याच्या माणसाच्या चिठ्ठीत घरभाड्यापोटी ३,५४० रुपये येतात आणि देहूरोडच्या माणसाच्या चिठ्ठीत १०,६२०. शिवाय मोठ्या शहरांना प्रवासभत्ता दुप्पट. लोणावळ्याला १,८००, देहूरोडला ३,६०० आणि दोन्हींवर महागाई भत्ता. सगळं धरलं तर हुद्दा तोच, मूळ पगार तोच, आणि फरक जवळपास दहा हजारांचा.

कारण साधं आहे. घरभाडं शहराच्या वर्गावर ठरतं आणि वर्ग ठरतो लोकसंख्येवर. ५० लाखांच्या वरचं शहर एक्स, ५ लाखांच्या वरचं वाय, बाकी सगळं झेड. २०११च्या जनगणनेनंतर, १ एप्रिल २०१५ पासून पुणे एक्स वर्गात गेलं. पुण्याच्या नागरी समूहात देहूरोड कॅन्टोन्मेंट येतं, लोणावळा येत नाही. महागाई भत्ता ५० टक्क्यांवर पोचल्यापासून, म्हणजे जानेवारी २०२४ पासून, एक्सला मूळ पगाराच्या ३० टक्के, वायला २०, झेडला १० असे दर आहेत.

हे गणित कामशेतच्या एका निवृत्त नौसैनिकाला तोंडपाठ आहे. नौदलात ते रायटर होते. रायटर म्हणजे कचेरीतला माणूस: पगार, रजा, बदली, नोंदी हे त्याचं काम. मुंबई, विशाखापट्टण, कोची अशी बंदरं करत शेवटची पोस्टिंग त्यांना लोणावळ्याला मिळाली, घराजवळ. आता गावात सगळे त्यांना अण्णा म्हणतात. पवन मावळातून, नाणे मावळातून, कधी पार आंदर मावळातून लोक त्यांच्या ओटीवर येतात आणि पिशवीतून घडी घातलेली पगाराची चिठ्ठी काढतात. हल्ली बहुतेकदा मोबाइलवरचा फोटो असतो. बरेचदा ती चिठ्ठी ज्याची असते तो माणूस तिथे नसतोच. तो राजौरीला असतो, लेहला असतो, नाहीतर जहाजावर. येतात त्याचे वडील, त्याची बायको, कधी आई.

प्रश्न एकच असतो. ‘अण्णा, या महिन्यात पैसे कमी का आले?’

अण्णा आधी दोन पेन्सिली काढतात, एक निळी, एक लाल. माणसाबरोबर कायम चालणाऱ्या रकमेखाली निळी रेघ, जागेबरोबर येणाऱ्या आणि जागेबरोबर जाणाऱ्या रकमेखाली लाल. ही पद्धत त्यांची स्वतःची. लोणावळ्याला प्रशिक्षणासाठी आलेली कोवळी पोरं पहिली चिठ्ठी हातात घेऊन गोंधळायची, तेव्हापासून ती त्यांनी चालवली आहे.

निळ्या रेघेत पहिला मूळ पगार. सातव्या वेतन आयोगाच्या तक्त्यानुसार, १ जानेवारी २०१६ पासून, शिपायाची सुरुवात २१,७०० वर, नाईक २५,५००, हवालदार २९,२००, सुभेदार ४४,९००, आणि लेफ्टनंट ५६,१००. दरवर्षी साधारण तीन टक्के वाढ, जानेवारीत किंवा जुलैत. दुसरी रक्कम मिलिटरी सर्व्हिस पे, सगळे एमएसपी म्हणतात. सहाव्या आयोगानं ती आणली. कारण असं की सैनिकाच्या नोकरीला घड्याळ नाही, संप नाही, नको म्हणायची सोय नाही, आणि बहुतेक जवान तरुणपणीच निवृत्त होतात. आज जवान आणि जेसीओंना, म्हणजे नायब सुभेदार-सुभेदार अशा हुद्द्यांना, ती ५,२०० रुपये आहे, अधिकाऱ्यांना १५,५००, लष्करी परिचारिकांना १०,८००.

एमएसपीबद्दल एक गोष्ट अण्णा प्रत्येकाला सांगतात, कारण ती चिठ्ठीत कुठेच लिहिलेली नसते. महागाई भत्ता मोजताना एमएसपी धरतात, पेन्शन ठरवताना धरतात. घरभाडं मोजताना आणि वार्षिक वाढ काढताना धरत नाहीत. जुलै २०२५ पासूनचा ५८ टक्क्यांचा दर घेतला तर नव्या शिपायाचे २१,७०० अधिक ५,२०० म्हणजे २६,९००, त्यावर महागाई भत्ता १५,६०२. हे ४२,५०२ रुपये तो काश्मीरला असो की खडकीला, त्याचे आहेत. पुढे पेन्शन बसते ती शेवटचा मूळ पगार आणि एमएसपी यांच्या बेरजेच्या निम्मी, तीही याच निळ्या रेघेवर. लोणावळ्याला शिकून बाहेर पडणाऱ्या तांत्रिक शाखेच्या नौसैनिकांना एक्स ग्रुप पे मिळतो, मान्यताप्राप्त पदविकेइतकं शिक्षण असेल तर ६,२०० रुपये. तोही निळ्यातच.

लाल रेघ लांबलचक असते. घरभाडं, प्रवासभत्ता, फील्ड एरिया अलाउन्स, हाय अल्टिट्यूड, दहशतवादविरोधी मोहिमेचा सीआय ऑप्स, नौदलात सी गोइंग. २०१७ साली सरकारनं यातले पहिले दोन सोडून बाकीचे भत्ते धोका आणि खडतरपणा यांच्या एका तक्त्यात बसवले. किती जोखीम आणि किती हाल, या दोन मापांवर रक्कम ठरते. तक्त्याच्या सगळ्यात वर, त्याच्याही बाहेर म्हणावं असं एकच नाव आहे: सियाचिन. तिथे अधिकाऱ्यांना महिना ४२,५०० आणि जवान-जेसीओंना ३०,००० ठरले. महागाई भत्ता ५० टक्क्यांवर गेल्यावर नियमाप्रमाणे पाव पटीनं वाढून ते ५३,१२५ आणि ३७,५०० झाले. तिथे हाताची बोटं गमावून परतलेली माणसं अण्णांनी लष्करी इस्पितळात पाहिली आहेत. ही रक्कम कुणी जास्त म्हटली तर ते शांतपणे विचारतात, ‘तुम्ही किती घ्याल?’

अडचण रकमेची नसते, ती थांबण्याची असते. जवान उंचावरच्या ठाण्यावरून शांत ठिकाणी, फौजेच्या भाषेत पीस स्टेशनला, परततो आणि लाल रेघेतल्या दोन-तीन ओळी एका महिन्यात नाहीशा होतात. गावात आईला वाटतं, पोराला काहीतरी शिक्षा झाली. एक बाई आंदर मावळातून हाच धसका घेऊन आल्या होत्या. मुलगा फोनवर काही सांगत नाही, पगार मात्र कापला. अण्णांनी दोन महिन्यांच्या चिठ्ठ्या शेजारीशेजारी ठेवल्या आणि गेलेली ओळ दाखवली. मुलगा धोक्याच्या जागेतून बाहेर आला, म्हणून ती ओळ गेली. बाई तिथेच बसून रडल्या, आणि मग चहा घेऊन गेल्या.

दुसरं प्रकरण जास्त वारंवार घडतं आणि जास्त महागात पडतं. नौसैनिक जहाजावर असतो. जहाज समुद्रात असेल त्या दिवसांचा सी गोइंग भत्ता मिळतो. २०१७ मध्ये त्याचा दर जवानांसाठी महिना ६,००० झाला, दिवसाला बारा तासांची अट चार तासांवर आली, आणि आता वाढीनंतर दर ७,५०० आहे. खात्यात येणारी भरघोस रक्कम बघून बँक तळेगावच्या फ्लॅटला कर्ज देते. हप्ता त्याच रकमेवर बेतलेला असतो. दोन वर्षांनी बदली होते लोणावळ्याला, किनाऱ्यावरच्या संस्थेत. सी गोइंग बंद. मुंबईच्या ३० टक्क्यांऐवजी झेड वर्गाचं १० टक्के घरभाडं. क्वार्टर मिळालं तर तेही नाही, कारण क्वार्टर आणि घरभाडं एकत्र मिळत नाही. हप्ता तेवढाच. अशी घरं अण्णांनी जवळून पाहिली आहेत, आणि त्यांचं मत स्पष्ट आहे: फौजीनं कर्ज काढावं ते निळ्या रेघेवर. लाल पैसा आला तर बाजूला टाकावा, मुलीच्या शिक्षणाला, विहिरीला, पण हप्त्याला बांधू नये.

याच जागी लोणावळ्याबद्दल एक तक्रार नोंदवायला हवी. २०११च्या जनगणनेत लोणावळ्याची लोकसंख्या साठ हजारांच्या आत होती, म्हणून ते झेड. पण लोणावळ्याचं भाडं तिथे राहणाऱ्यांच्या संख्येवर ठरतच नाही. ते ठरतं शनिवार-रविवारी भुशी धरणाकडे आणि टायगर पॉइंटकडे जाणाऱ्या गाड्यांवर. जी खोली पर्यटकाला एका रात्रीला देऊन चांगले पैसे मिळतात, ती मालक नौसैनिकाच्या कुटुंबाला महिन्याच्या बोलीवर कशाला देईल? पावसाळ्यात तर विचारायलाच नको. क्वार्टर उपलब्ध नसल्याचा दाखला घेऊन घर शोधणारा तरुण नौसैनिक मग मळवलीला जातो, कामशेतला जातो, आणि पहाटेची लोकल पकडून कामावर पोचतो. वर्गवारीत लोकसंख्येच्या जोडीला पर्यटनाच्या गावांचा वेगळा विचार झाला पाहिजे. या मागणीत अवाजवी काही नाही.

घराचा प्रश्न फौजेत नेहमीच दोन ठिकाणी असतो, कारण माणूस एकीकडे आणि कुटुंब दुसरीकडे. फील्डला गेलेल्या जवानाचं कुटुंब आधीच्या स्टेशनवरच्या क्वार्टरमध्ये काही काळ राहू शकतं, किंवा सेपरेटेड फॅमिली क्वार्टरमध्ये, किंवा त्यानं निवडलेल्या गावी राहून तिथल्या दरानं घरभाडं घेऊ शकतं. यातलं काय बरं, हे मुलांच्या शाळेवर ठरतं. पिंपरीला चांगली शाळा आणि एक्स वर्गाचं भाडं, की गावात सासू-सासऱ्यांजवळ राहून झेडचं? हा निर्णय अण्णा कधीच स्वतः देत नाहीत. ते दोन्ही आकडे लिहून देतात आणि म्हणतात, नवऱ्याशी बोल, पण कागदावरच्या तारखा चुकवू नको. मुलांच्या शिक्षणाचा भत्ताही असाच हातचा जातो. दोन मुलांपर्यंत, दर मुलामागे महिना २,८१२ रुपये ५० पैसे, वर्षाचे ३३,७५०; त्यासाठी शाळेच्या प्रमुखाचा दाखला पुरतो. कित्येक घरं तो दाखला आणायचंच विसरतात.

चिठ्ठीतली सगळ्यात वाईट ओळ वसुलीची. क्वार्टर मिळाल्याची नोंद वेळेवर झाली नाही, तर घरभाडं येतच राहतं. फील्डमधून परतल्याची नोंद उशिरा झाली, तर फील्डचा भत्ता येत राहतो. घरी वाटतं बरं चाललंय. मग सहा-आठ महिन्यांनी हिशेब लागतो आणि खातं डेबिट बॅलन्समध्ये जातं; दर महिन्याला पैसे कापले जातात आणि नेमका तेव्हाच बहिणीचं लग्न निघालेलं असतं. हिशेब लावणारी कचेरी दूर असते. मराठा लाइट इन्फन्ट्रीच्या जवानाचं पगारखातं बेळगावच्या पे अकाउंट्स ऑफिसात, नौसैनिकाचं मुंबईच्या नेव्हल पे ऑफिसात. देशभरातल्या भूदल अधिकाऱ्यांचा पगार मात्र आपल्या पुण्यातून निघतो, गोळीबार मैदानाजवळच्या संरक्षण लेखा कार्यालयातून. या कचेऱ्यांना जवान कुठे आहे ते डोळ्यांनी दिसत नाही. त्यांना दिसतो तो युनिटनं काढलेला आदेश: भूदलात पार्ट टू ऑर्डर, नौदलात जेनफॉर्म. आदेश निघाला नाही तर घटना घडलीच नाही, असं कागद मानतो. रायटरच्या नोकरीत अण्णांनी हेच सगळ्यात आधी शिकून घेतलं आणि आयुष्यभर इतरांना शिकवलं.

मावळाला पगाराचा हा विषय नवा नाही. कृष्णाजी अनंत सभासदाच्या बखरीत शिवाजी महाराजांच्या घोडदळाचे दर लिहिलेले आहेत: सव्वाशे माणसांच्या जुमल्यावरच्या जुमलेदाराला वर्षाला ५०० होन, हजारीला १,०००, पंचहजारीला २,०००. महाराजांचा भर जमिनी तोडून देण्यापेक्षा रोख पगारावर होता. १६५९ साली प्रतापगडाखाली अफजलखानाच्या फौजेशी लढाई झाली, त्यानंतरची नोंद तर आजच्या नियमांशेजारी ठेवून वाचण्यासारखी आहे. जखमेच्या मानानं २००, १००, ५०, २५ होन अशी रक्कम जखमींना दिली. मेलेल्यांच्या मुलांना नोकरीत घेतलं. ज्यांना मुलगा नव्हता त्यांच्या बायकांना निम्मं वेतन लावून दिलं. जखम पाहून भरपाई, वारसाला आधार, विधवेला पेन्शन. साडेतीनशेहून जास्त वर्षांपूर्वी याच डोंगरांतल्या माणसांसाठी हा विचार झाला होता.

आज विधवेच्या पेन्शनचे तीन दर आहेत आणि ते मृत्यूच्या कारणावर ठरतात. नोकरीशी संबंध नसलेला मृत्यू असेल तर साधी कुटुंब पेन्शन, शेवटच्या गणनीय वेतनाच्या ३० टक्के, सुरुवातीची काही वर्षं वाढीव दरानं. नोकरीमुळे ओढवलेला मृत्यू असेल तर विशेष, ६० टक्के. युद्धात किंवा दहशतवाद्यांशी लढताना मृत्यू आला तर उदारीकृत, म्हणजे पूर्ण वेतनाइतकी. केंद्राचं एकरकमी सानुग्रह अनुदानही असंच पायरीनं: कर्तव्यावरच्या अपघातात २५ लाख, दहशतवाद्यांविरुद्धच्या कारवाईत किंवा सीमेवरच्या चकमकीत ३५, शत्रूशी प्रत्यक्ष युद्धात ४५ लाख. हे आकडे अण्णा कुणाला आपणहून सांगत नाहीत. पण लग्न होऊन आलेल्या सुनेला ते दुसरंच विचारतात: ‘पोरी, तुझं नाव लागलंय का?’ आधार कार्डावर एक नाव, माहेरचं दुसरं, युनिटच्या नोंदीत तिसरंच, असं मावळात सर्रास असतं. जवानाच्या किंड्रेड रोलमध्ये, म्हणजे कुटुंबाच्या नोंदीत, बायकोचं नाव नसेल किंवा जन्मतारीख जुळत नसेल, तर दुःखाच्या काळात तिला दाखल्यांसाठी दारोदार फिरावं लागतं. अशा एका घरासाठी अण्णा स्वतः कित्येकदा पुण्याला जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयात गेले. पेन्शन शेवटी लागली, पण तोवर त्या बाईचे दागिने सराफाकडे गेले होते.

अलीकडे ओटीवर अग्निवीरांचे पालक जास्त येतात. त्यांची चिठ्ठी वेगळीच. जून २०२२ मध्ये योजना जाहीर झाली. पहिल्या वर्षी महिना ३०,०००, मग ३३,०००, ३६,५०० आणि चौथ्या वर्षी ४०,०००. यातले ३० टक्के निधीत जातात, म्हणून पहिल्या वर्षी हातात २१,०००. सरकार तेवढीच भर घालतं आणि चार वर्षांनी व्याजासह सुमारे ११.७१ लाखांचा करमुक्त सेवानिधी मिळतो. महागाई भत्ता नाही, एमएसपी नाही, पेन्शन नाही. धोक्याच्या जागेचे भत्ते मात्र आहेत, आणि ४८ लाखांचा विमा आहे, ज्याचा हप्ता मुलाला भरावा लागत नाही. चार वर्षांनी पुढे राहणार ते जास्तीत जास्त २५ टक्के. नौदलाच्या अग्निवीरांची पहिली तुकडी २८ मार्च २०२३ला ओडिशातल्या चिल्का इथून बाहेर पडली. अण्णांच्या हिशेबात या पोरांच्या चिठ्ठीवर निळी रेघ जवळजवळ नाहीच, आणि म्हणूनच ते पालकांना निक्षून सांगतात: सेवानिधी येणार म्हणून आजच बंगला बांधायला काढू नका. पोरगा पंचविशीच्या आत घरी येऊ शकतो. ते पैसे त्याच्या पुढच्या शिक्षणाचे, धंद्याचे आहेत, आणि ते त्याच्याच नावावर राहिले पाहिजेत.

आठव्या वेतन आयोगाच्या तर रोज नव्या अफवा येतात. न्यायमूर्ती रंजना प्रकाश देसाई यांच्या अध्यक्षतेखालच्या या आयोगाच्या कार्यकक्षेला ऑक्टोबर २०२५ मध्ये मंजुरी मिळाली आणि अहवालाला अठरा महिने दिले. तेवढंच नक्की आहे. मोबाइलवर फिरणारे वाढीव पगाराचे तक्ते घेऊन येणाऱ्यांना अण्णा परत पाठवतात. सरकारी आदेश निघेल त्या दिवशी या, म्हणतात.

तुमच्या घरातलं कुणी फौजेत असेल, तर पुढच्या फोनवर त्याच्याकडून या महिन्याची चिठ्ठी मागवा आणि बायकोच्या, आईच्या हाती द्या. तीन गोष्टी विचारा: लग्नाचा आणि मुलांच्या जन्माचा आदेश निघाला का, नोंदीतलं नाव आधारशी जुळतं का, आणि बदलीनंतर बंद व्हायला हवा असा एखादा भत्ता अजून चालू आहे का. उत्तर ‘बघतो’ असं आलं, तर आठवड्यानं पुन्हा विचारा.